एन्कार्ना आणि माझे नव्वद दिवस

एन्कार्नाच्या घरात टीव्हीसमोर खुर्ची नव्हती. सोफा होता, पण तो खिडकीकडे तोंड करून, आणि त्याच्यावर कायम इस्त्रीला काढलेल्या कपड्यांचा ढीग. मॅच सुरू झाली की ती टीव्हीपासून चार पावलांवर दोन्ही हात पाठीमागे बांधून उभी राहायची आणि शेवटची शिट्टी होईपर्यंत जागची हलायची नाही. मध्यंतरात तेवढी स्वयंपाकघरात जाऊन पाणी पिऊन यायची. सत्तरी ओलांडलेली, बुटकी, रुंद खांद्यांची बाई. ती उभी असताना आपण बसलो तर चोरी केल्यासारखं वाटायचं, म्हणून मीही उभी राहायचे. एकदा न राहवून मी विचारलं, की तू बसत का नाहीस. स्क्रीनवरची नजर न काढता ती म्हणाली, "आल्झो, मेदा, आमच्या गावात खेळणाऱ्या मुली अकराच होत्या. बाकावर बसायला बारावी नव्हतीच. मला ती सवयच लागली नाही."

'आल्झो' म्हणजे तिचं जर्मनमधलं 'तर मग', आणि मेदा म्हणजे मी. मेधातला 'ध' तिच्या जिभेला कधी जमला नाही, आणि तिने तसा फारसा प्रयत्नही केला नाही. स्टुटगार्टच्या पश्चिम भागात, चढावरच्या एका जुन्या इमारतीत ती पहिल्या मजल्यावर राहायची आणि मी दुसऱ्या. एकविसाव्या वर्षी स्पेनमधल्या एका लहान गावातून ती इथे गाड्यांचे दिवे बनवणाऱ्या कारखान्यात कामाला आली आणि निवृत्त होईपर्यंत तिथेच राहिली. इथल्याच एका अबोल सुताराशी लग्न केलं, तो वारला, मूलबाळ झालं नाही. एवढं सगळं ती दोन मिनिटांत सांगून संपवायची. कारखान्याच्या आधीची तीन वर्षं सांगायला मात्र तिला अख्खी दुपार पुरायची नाही.

त्या तीन वर्षांत ती फुटबॉल खेळली. बायकांनी फुटबॉल खेळायचा ही कल्पनाच तेव्हा तिच्या देशात कुणाला मंजूर नव्हती. या मुलींचे सामने व्हायचे ते जत्रेत, नाहीतर कुठल्यातरी धर्मादाय कामाला मदत म्हणून, आणि लोक तिकीट काढून यायचे ते हसायला. एन्कार्ना उजव्या बाजूने पुढे खेळायची. जर्सी म्हणजे घरीच रंगवलेले पुरुषांचे सदरे. रंग कच्चा असल्यामुळे घामाने तो मानेला लागायचा आणि दोन दिवस जायचा नाही. गावच्या पाद्रीबुवांनी तिच्या आईला बोलावून समज दिली, आणि आई तिची मॅच बघायला एकदाही आली नाही. वडील यायचे, पण मैदानात नाही. मागच्या गिरणीच्या भिंतीआड उभे राहायचे. तिला भिंतीवरून फक्त त्यांची टोपी दिसायची. "पहिली दहा मिनिटं लोक हसतात," ती म्हणायची. "मग हसून कंटाळतात आणि चेंडूकडे बघायला लागतात. तेवढी दहा मिनिटं कळ काढायची. बाकी काही नाही."

हे 'दहा मिनिटं कळ काढ' तिने मलाही पुष्कळ वेळा ऐकवलं. माझा घटस्फोट झाला त्या वर्षी मी महिनाभर कुणाशी धड बोलत नव्हते. एका शनिवारी तिने माझं दार वाजवलं, हातात बटाट्याच्या ऑम्लेटचं ताट. आत आली, माझ्या स्वयंपाकघरात उभी राहिली आणि मी शेवटचा घास खाईपर्यंत तिथून हलली नाही. सांत्वन वगैरे काही नाही. जाताना म्हणाली, "पुढच्या शनिवारी माझ्याकडे. मॅच आहे." त्यानंतर शनिवार आमचे ठरून गेले. ऑफिसातल्या मराठी मैत्रिणी गाणी, गणपती, मुलांच्या शाळा यांत रमलेल्या असायच्या. माझ्याकडे एन्कार्ना होती आणि मी ती कुणाला फारशी दाखवत नव्हते. माझा स्वभाव आधीपासूनच असा आहे. आवडलेली माणसं मला आपल्यापुरती लागतात.

तीन वर्षांपूर्वी आई पहिल्यांदा माझ्याकडे आली. ती साताऱ्याला माझ्या भावाकडे असते. वर्षातला बाकी सगळा काळ ती त्याची, त्याच्या बायकोची, नातवंडांची. पर्यटकाच्या व्हिसावर तिला इथे एका वेळी नव्वद दिवस राहता येतं, तेवढे माझे. विमानतळावर ती दिसली त्या क्षणापासून मी मोजायला लागले. रजा कधी घ्यायची, कुठे न्यायचं, काय खायला घालायचं, सगळं मी कॅलेंडरवर मांडून ठेवलं होतं. त्यात एन्कार्नासाठी एक दुपारचा चहा होता. ओळख करून द्यायला तेवढा पुरे, असं मला वाटलं.

ती ओळख माझ्यावाचूनच झाली. आमच्या इमारतीत जिना झाडायची पाळी असते. ज्याची पाळी त्याच्या दारावर पाटी लटकते आणि त्या आठवड्यात जिना त्याने झाडून-पुसून लख्ख ठेवायचा. त्याला इथे केरवोखे म्हणतात. जर्मनमधला हा एकच शब्द आईला पहिल्या दिवशी पाठ झाला, कारण त्याच्या सुरुवातीला 'केर' होता. पाटी लागली होती माझ्या दारावर आणि मी ऑफिसात. आईने पदर खोचला आणि वरपासून खालपर्यंत जिना झाडून काढला. पहिल्या मजल्यावर एन्कार्ना दार उघडून बघत राहिली. आईला कोपरे झाडताना वाकायला लागत नव्हतं. ती सरळ उकिडवी बसायची, झाडायची, ताडकन उठायची, पुढच्या पायरीवर पुन्हा बसायची. संध्याकाळी मी घरी आले तर दोघी एन्कार्नाच्या स्वयंपाकघरात कॉफी पीत होत्या. दोघींना एकमेकींचं एक अक्षरही कळत नव्हतं.

"ये, ये," एन्कार्ना म्हणाली. "मला हिला एक गोष्ट विचारायची आहे. ही काय खेळायची?"

मी हसून म्हटलं, "आई? छे. ती काही खेळायची नाही."

एन्कार्नाने कप खाली ठेवला. "मी तुला विचारलं नाही. तिला विचार."

मी जरा चिडूनच आईकडे वळले. "आई, ही विचारतेय, तू लहानपणी काही खेळायचीस का म्हणून. तिला आपलं वाटतंय काहीतरी."

आईने पदर सारखा केला. मग म्हणाली, "खो-खो. जिल्ह्याच्या संघात होते मी, दोन वर्षं."

मी चव्वेचाळीस वर्षांची आहे. त्यातली निम्मी वर्षं मी या बाईच्या घरात काढली. आजारपणं, परीक्षा, वडिलांचं जाणं, माझं लग्न, माझं मोडलेलं लग्न, सगळं आम्ही एकत्र पाहिलं. आणि ही गोष्ट मला त्या दिवशी, एका परक्या बाईच्या ओट्याशी उभं राहून कळली. मी म्हटलं, "तू कधी बोलली नाहीस." आई म्हणाली, "विषयच कधी निघाला नाही." याचं मी जर्मनमध्ये भाषांतर केलं नाही. एन्कार्नाला फक्त खेळाचं नाव सांगितलं.

पण तेवढ्याने तिचं समाधान होणार नव्हतं. कसं खेळतात, दाखव म्हणाली. मग आईने तिच्या फडताळातले आठ कप काढून टेबलावर ओळीने मांडले, एकाचा कान डावीकडे, पुढच्याचा उजवीकडे, कारण पाठलाग करणारे गडी असे आळीपाळीने विरुद्ध दिशेला तोंड करून बसतात. मिठाची बाटली झाली पाठलाग करणारी, एक ऑलिव्ह झालं पळणारं. आईने मिठाची बाटली एका कपाच्या मागे आणली, त्याच्या पाठीवर टिचकी मारली, खणखणीत आवाजात "खो!" म्हणाली आणि कप उचलून ऑलिव्हच्या मागे पळवला. एन्कार्नाने हे तीन वेळा करून घेतलं. मग मला म्हणाली, "आल्झो. बसलेलीला कुणीतरी येऊन पाठीवर थाप देतं आणि मग तिने उठून पळायचं. हा खेळ मला आवडला. आणि सोडला का, विचार." आई म्हणाली, साखरपुडा झाला, सासरच्यांनी विचारलं की मुलगी मैदानात अर्ध्या चड्डीत पळते का, आणि तिच्या वडिलांनी त्याच दिवशी संघातून नाव काढून घेतलं. पुढच्या आठवड्यात पुण्याला सामने होते. "खांबाशी सूर मारायची माझ्याइतकी कुणाला जमायची नाही," आई म्हणाली. आईच्या तोंडून स्वतःची स्तुती मी तोवर ऐकलेली नव्हती.

मला हेवा वाटला, सरळच सांगते. आईला मी काय दिलं नव्हतं? वेगळी खोली दिली होती, तिच्या आवडीची गादी, हिटर, साताऱ्याच्या वेळेप्रमाणे लावलेलं घड्याळ. आणि या बाईने तिला एक प्रश्न विचारला, तोही माझ्या तोंडून, आणि आई सतरा वर्षांची होऊन बसली.

पुढच्या उन्हाळ्यापर्यंत दोघींना माझी गरज कमी लागायला लागली. एन्कार्ना आईला 'सुमन' म्हणायची. माझ्या वडिलांनी तिला आयुष्यभर 'अगं' म्हटलं, शेजारपाजारच्यांनी वहिनी, आम्ही आई. तिला नावाने हाक मारणारं माणूस जगात उरलंच नव्हतं. आणि आता रोज सकाळी अकरा वाजता जिन्यातून "सुमान!" अशी हाक यायची की आई हातातलं काम टाकून निघायची. आई तिला एन्काताई म्हणायची. रविवारी आमच्या चढाखालच्या मैदानावर बायकांचे सामने असत, अगदी साधे, गावपातळीचे. तिथे पोचायला दोनशेच्या वर दगडी पायऱ्या उतराव्या लागतात आणि परत चढाव्या लागतात. आई साडीवर बूट घालून त्या पायऱ्या उतरायची, आणि चढताना एन्कार्ना मध्ये दोनदा थांबायची, आई नाही. मैदानाच्या कठड्याशी दोघी उभ्या. आई मराठीतून ओरडायची, "अगं, सोड ना तिच्यासाठी, मोकळी आहे ती!" आणि एन्कार्ना मान डोलावून म्हणायची, "गेनाऊ, गेनाऊ," म्हणजे अगदी बरोबर. आई काय म्हणाली हे तिला कळलेलं नसायचं. पण बरोबर म्हणाली एवढं कळायचं.

एका रविवारी मी घरी राहून सुरळीच्या वड्या केल्या होत्या. आईच्या आवडीच्या, आणि इथे बेसन नीट मिळत नाही म्हणून दोनदा फसलेल्या. दोन वाजले, अडीच वाजले. तीन वाजता आई लाल चेहऱ्याने आली, खुर्चीत बसली आणि म्हणाली, "आम्ही तिकडेच बटाट्याचे काप खाल्ले गं. भूक नाही." तिच्या तोंडातलं ते 'आम्ही' मला लागलं. त्या आठवड्यात मी फडताळ उघडलं तर साताऱ्याहून आणलेल्या लिंबाच्या लोणच्याच्या दोन बाटल्यांपैकी एक गायब. विचारलं तर म्हणे, "एन्काताईंना दिली. तुझं मागच्या वर्षीचं अजून संपलेलं नाही." ते खरं होतं, म्हणून जास्त राग आला.

आणि असं नाही की मला फक्त आईचाच ताबा हवा होता. शनिवारच्या मॅचला आता एन्कार्ना माझ्याऐवजी आईच्या खांद्याला खांदा लावून उभी राहायची. गोल झाला की दोघी एकमेकींकडे बघायच्या. मी मागे, सोफ्यावर, कपडे बाजूला सारून बसलेली. कधी आईवर जळायचे, कधी एन्कार्नावर. खूपदा दोघींवर एकदमच.

मग मी एक वाईट गोष्ट सुरू केली. भाषांतर आखडतं घ्यायला लागले. एन्कार्ना म्हणायची, "सुमनला सांग, ती आली की या इमारतीत कुणीतरी राहतं असं वाटतं," आणि मी आईला सांगायचे, "ती म्हणते, बरं झालं आलीस." आई विचारायची, "एन्काताईंना म्हणावं, पायाला तेल चोळून देऊ का?" आणि मी म्हणायचे, "आई विचारते, तुझे पाय कसे आहेत." खोटं काही नव्हतं त्यात. फक्त एकीने दुसरीसाठी आणलेलं मी थोडं थोडं माझ्याकडे ठेवून घेत होते.

तिसऱ्या उन्हाळ्यात, आईचे चाळीस दिवस झाले होते तेव्हा, एन्कार्ना वर आली. असं ती सहसा करत नसे. हातात छापलेलं पत्र होतं आणि गाल लाल झालेले. आई पोळ्या करत होती, तिने गॅस बारीक केला. एन्कार्ना ओट्याशी उभी राहिली आणि मला म्हणाली, "तिला सांग. सगळं सांग. आमच्या गावात मैदानाच्या दारावर आम्हा अकरा जणींची नावं लावतायत. पन्नास वर्षं तिथे कुणी आमचं नाव काढलं नाही, आता महापौर स्वतः फोन करतात. सात जणी उरल्यात. प्रत्येकीने आपलं एक माणूस घेऊन यायचं आहे, मुलगी, नात, कुणीही. मी सुमनला नेणार. दहा दिवस. तिकीट माझं. तिला सांग, तुझंही नाव कुणीतरी यादीतून काढलं होतं, म्हणून त्या दारात तू माझ्या शेजारी उभी राहा."

मी ऐकत होते आणि माझ्या मनात दोनच गोष्टी येत होत्या. एक, नव्वदातले दहा. दुसरी, आपलं एक माणूस. शनिवारमागून शनिवार मी त्या खोलीत उभी राहिले होते. तिच्या औषधांच्या चिठ्ठ्या मी आणत होते, विम्याची पत्रं मी वाचून दाखवत होते. एकच माणूस न्यायचं झालं तर ते मी नव्हते.

"काय म्हणतायत?" आईने विचारलं.

"तिच्या गावी काहीतरी कार्यक्रम आहे," मी म्हटलं. "दहा दिवस जातेय. सांगायला आली."

आईने एन्कार्नाकडे बघितलं, मग माझ्याकडे. "अस्सं. छान झालं म्हणावं. जपून जा म्हणावं."

मी एन्कार्नाकडे वळले. "आई म्हणते, फार आनंद झाला. पण तिचे गुडघे दुखतात. एवढा प्रवास जमायचा नाही."

एन्कार्नाने आईच्या गुडघ्यांकडे पाहिलं. मग माझ्या तोंडाकडे पाहिलं, जरा जास्तच वेळ. "ना गूट," म्हणजे बरं मग, एवढंच म्हणाली, पत्राची घडी घातली आणि खाली गेली. आईने गॅस मोठा केला. तव्यावरची पोळी तोवर कडक झाली होती, ती तिने स्वतःच्या ताटात वाढून घेतली.

ते दहा दिवस मी रजा काढली. आईला बोडन सरोवर दाखवलं, बोटीत बसवलं, केक खाऊ घातला. माझे दहा दिवस मी वसूल करत होते. आई सगळीकडे आली, सगळ्याला छान म्हणाली, आणि रोज अकराच्या सुमाराला हातातलं टाकून एकदा दाराकडे बघायची. एन्कार्ना परत आली तेव्हा तिने फोनवर फोटो दाखवले. सात म्हाताऱ्या ओळीत, प्रत्येकीच्या शेजारी कुणी ना कुणी. एन्कार्ना डाव्या टोकाला. आईने दोन बोटांनी फोटो मोठा केला आणि म्हणाली, "यांच्या शेजारी कुणीच नाही." मी त्याचं भाषांतर केलं नाही. करायची गरजही नव्हती.

आई साताऱ्याला गेली. जानेवारीत एन्कार्नाचं हृदय कुरकुर करायला लागलं. जिना चढायची बंदी झाली, तशी मी रोज संध्याकाळी तिच्याकडे सूप घेऊन जायला लागले. एकदा ती पलंगावर टेकून बसली होती. बसलेली एन्कार्ना बघायची मला सवय नव्हती, म्हणून मी इकडेतिकडे आवराआवर करत होते. ती म्हणाली, "मेदा, त्या दिवशी माझं बोलणं लांब होतं आणि तुझं भाषांतर आखूड."

मी हातातली वाटी विसळत राहिले.

"तिचे गुडघे तुझ्या-माझ्यापेक्षा चांगले आहेत," ती म्हणाली. "मला तिथेच कळलं होतं. गावी जाईपर्यंत फार राग होता. तिथे त्या फोटोत उभी राहिले तेव्हाही होता. मग येताना विमानात वाटलं, माझ्यासाठी असं खोटं कुणी बोललं नाही. आई नाही, नवरा नाही. मला अडवायला लोकांनी कायदे सांगितले, देव सांगितला. हिला जाऊ देणार नाही, मला हवी आहे, असं कुणी म्हटलं नाही. सुमनचा हेवा वाटला मला." मग सूप पुढे ओढून म्हणाली, "तरीपण तू केलंस ते वाईटच. तिला सांग."

मी हो म्हटलं. फोनवर आईला सांगितलं नाही. आज सांगू, रविवारी सांगू असं करत राहिले. फेब्रुवारीत एन्कार्ना गेली. हॉस्पिटलात शेवटच्या दुपारी मीच होते, तिचा हात माझ्या हातात होता, आणि त्या क्षणीही मनात येऊन गेलं, की आता निदान ही माझ्याकडे आहे. अशा वेळी असला विचार यावा याची मला लाज वाटते, पण आला. स्पेनहून तिचा भाचा आला, आणि तिच्या इच्छेप्रमाणे अस्थी गावी घेऊन गेला. आईला फोन करून ती गेल्याचं सांगितलं. मग तिने विचारलं, "शेवटी कोण होतं जवळ?" मी होते म्हटलं. "बरं झालं," आई म्हणाली.

या वर्षी आई आली ती बॅग घेऊन सरळ वर आली नाही. पहिल्या मजल्यावर थांबली. दारावर नव्या भाडेकरूंची नावं लागली होती. आईला ती वाचता येत नव्हती, तरी ती त्यांच्याकडे बघत उभी राहिली. दुसऱ्या दिवशी दुपारच्या चहाला मी तिला सगळं सांगितलं. पत्र, अकरा नावं, आपलं एक माणूस, माझ्या शेजारी उभी राहा. आणि मी दोघींना काय सांगितलं ते.

आईने ऐकून घेतलं. मग साडी गुडघ्यांपर्यंत वर घेऊन तिने स्वतःच्या पायांकडे पाहिलं आणि म्हणाली, "माझ्या गुडघ्यांना काय झालंय?"

"काही नाही," मी म्हटलं.

"तिला वाटलं असेल, मी नाही म्हणाले."

"नाही, आई. तिला कळलं होतं. ती म्हणाली मला तसं."

"मला नव्हतं ना कळलं," आई म्हणाली. "मी वर्षभर म्हणतेय, एवढं मोठं काहीतरी होतं आणि बाईंनी मला साधं चल म्हटलं नाही. मला राग होता गं त्यांच्यावर. त्या गेल्या तेव्हासुद्धा होता."

हे मी धरलंच नव्हतं. माझ्या हिशेबात फक्त एन्कार्ना एकटी उभी होती.

दोन दिवस आई माझ्याशी कामापुरतं बोलली. स्वयंपाक केला, पाळी नसताना जिना झाडला. तिसऱ्या दिवशी मी ऑफिसला निघाले तेव्हा म्हणाली, "त्यांच्या गावचं तिकीट काढ. दहा दिवसांचं. एकच."

"मी येते ना बरोबर. तुला भाषा येत नाही, खायचे हाल होतील."

"एकच काढ."

मी भाच्याला फोन केला. तो पूर्वी काही वर्षं जर्मनीत होता, त्याला भाषा येते. तो म्हणाला, पाठवा, मी विमानतळावर येतो, बाकीच्या सहा जणींनाही कळवतो. मी आईच्या पर्समध्ये कागद भरले. मराठीत आणि स्पॅनिशमध्ये लिहिलेले. मी शाकाहारी आहे. मला रक्तदाबाची गोळी आहे. माझ्या मुलीचा नंबर हा. सुरक्षा तपासणीच्या रांगेत ती पुढे सरकत गेली आणि एकदाही मागे वळली नाही. घरी येऊन मी एकटीच जेवले.

चौथ्या दिवशी तिचा फोन आला. मागे प्रचंड गलका, सगळ्या म्हाताऱ्या एकदम बोलत होत्या, कुणीतरी मोठ्याने हसलं. आई जोरात बोलत होती, मैदानातून बोलल्यासारखी. सकाळी स्मशानात जाऊन आले, म्हणाली. फुलं वाहिली. मग यांनी मैदानावर नेलं, दारावरची नावं हात लावून दाखवली. आता यांना खो-खो दाखवतेय. दोघी बसल्यात उकिडव्या, एकीला बसताच येईना, तिला खांब केलंय. "त्या सारख्या काहीतरी विचारतायत मला," आई म्हणाली. "एक अक्षर कळत नाही."

मी म्हटलं, "थांब, भाच्याकडे फोन दे. तो मला जर्मनमध्ये सांगेल, मी तुला सांगते काय म्हणतायत ते."

"नको," आई म्हणाली. "राहू दे. चाललंय आमचं."

आणि तिने फोन ठेवला.